मालतीबाईंनी ऐकलेलं पाणी

सिंगापूरला टॅम्पिनीसच्या अकराव्या मजल्यावरच्या घरात मालतीबाई पहिल्यांदा आल्या त्या वरवंटा घेऊन. पाटा त्यांच्या मुलाने, सुयशने, पुण्यातच बॅगेतून काढून ठेवला होता. वजन फार झालं असतं. वरवंटा मात्र त्यांनी साडीच्या घडीत गुंडाळून तसाच आणला. चांगी विमानतळावरच्या पोरीने तो बाहेर काढला, उलटासुलटा करून पाहिला आणि हे काय म्हणून विचारलं. मालतीबाईंना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी तिथेच काउंटरवर हात पुढेमागे करून आलं-लसूण वाटून दाखवलं. पोरगी हसली. वरवंटा पुन्हा साडीत गुंडाळून दिला आणि घडीसुद्धा नीट घातली. तेव्हापासून ह्या देशाबद्दल मालतीबाईंचं मत जे चांगलं झालं ते पुढे कधी बिघडलं नाही. हे २०१२ सालचं.

बाई चौथी पास. वाईजवळच्या खेड्यात शाळा चौथीपर्यंतच होती, आणि पाचवीसाठी नदी ओलांडून जायचं तर घरातलं पाणी कोणी भरायचं, असा प्रश्न निघाला. त्याचं उत्तर मालतीबाईच होत्या. लग्नानंतर पुण्यात आल्या. यजमान टेलिफोन खात्यात, युनियनचे कार्यकर्ते. बाहेरच्या खोलीत तीस वर्षं बैठका चालल्या आणि मालतीबाई तीस वर्षं आतून चहा पाठवत राहिल्या. बाहेर फारशा आल्या नाहीत. पण कोण मनापासून बोलतोय आणि कोण नुसताच, हे त्यांना आतून कळायचं. मनापासून बोलणारा कप खाली ठेवायचा विसरतो, असं त्या म्हणत. यजमान गेले तेव्हा युनियनची माणसं भेटायला आली, आणि मालतीबाईंनी त्यातल्या निम्म्यांना आवाजावरून ओळखलं. चेहरे त्यांनी तेव्हाच नीट पाहिले.

सिंगापुरात त्यांचं बरं चाललं होतं. एमआरटीचे, म्हणजे तिथल्या मेट्रोचे, रस्ते त्यांनी रंगांवरून पाठ केले होते. सकाळी खाली मैदानात चिनी आणि मलाय बायकांबरोबर हात वर-खाली करायच्या. शेजारच्या मलाय बाईकडे पदार्थांची वाटी जायची, तिकडून दुसरी यायची. नात जाई सात वर्षांची, इथल्या शाळेत जाणारी. आजी मराठीत विचारी आणि नात इंग्रजीत उत्तर देई, शेवटी ‘ला’ लावून. मालतीबाईंनी ठरवून टाकलं होतं की हा ‘ला’ म्हणजे आपलं ‘गं’. त्यावर दोघींचं भागत होतं.

न कळण्यासारखी गोष्ट घरात एकच होती, ती म्हणजे सुनेची नोकरी.

सुयश चांगी बिझनेस पार्कात एका बँकेच्या कॉम्प्युटरचं काम बघायचा. तेही मालतीबाईंना कळत नसे. पण बँक असते, तिथे कॉम्प्युटर असतात, ते बिघडतात, एवढं पुरे होतं. कस्तुरी मात्र युनिव्हर्सिटीत होती आणि नेपाळचा अभ्यास करत होती. म्हणजे काय, तर नेपाळात राजा होता. त्याच्या विरुद्ध लोक रस्त्यावर उतरले, एकोणीस दिवस उतरले. त्याआधी दहा वर्षं डोंगरांत लढाई चालली होती, माणसं मेली होती. शेवटी राजाला जावं लागलं आणि त्याच्या राजवाड्याचं म्युझियम झालं. आता राजा गेल्यावर तिथली माणसं कशी बदलली, हे कस्तुरी शोधत होती. मालतीबाईंनी एकदा विचारलं होतं की राजा गेला हे तर सगळ्यांना ठाऊक आहे, मग शोधायचं काय? कस्तुरी हसून म्हणाली होती, “तेच तर कळत नाहीये आई.”

पहिली दोन वर्षं ती हसून म्हणायची. २०१५ च्या सप्टेंबरात हसणं बंद झालं.

झालं होतं असं. कस्तुरीचं काम कराराचं, डिसेंबरअखेर संपणारं. एक वर्ष वाढवून मिळायचं तर ऑक्टोबरच्या मध्यावर विभागातल्या लोकांपुढे संशोधनाचं एक प्रकरण वाचून दाखवायचं होतं. विभागाच्या प्रमुख कोह बाई, चिनी, साठीच्या, केस आखूड आणि बोलणं त्याहून आखूड. त्यांनी ते प्रकरण दोनदा परत पाठवलं. दुसऱ्यांदा त्यावर लिहिलं होतं की हे सगळं वर्तमानपत्रात आलेलं आहे. लोक काय बोलतात ते तू लिहिलंस, सकाळी उठल्यावर ते काय वेगळं करायला लागले ते कुठे आहे? करार वाढला नसता तर घर उपाशी राहिलं नसतं, सुयशचा पगार होता. पण तीन वर्षांचं काम कपाटात गेलं असतं, आणि ही पोरगी त्या कपाटासमोर बसून राहिली असती. मालतीबाईंना तेवढं दिसत होतं. कस्तुरीच्या पोळ्या दोनाच्या एकावर आल्या होत्या.

त्यातच समोरच्या बेटावर जंगलं पेटली आणि सिंगापूरवर धूर आला. दरवर्षी थोडा यायचा, त्या साली आठवडेच्या आठवडे राहिला. अकराव्या मजल्यावरून समोरची इमारत दिसेना. लोक तोंडाला मास्क लावून बाजारात जात. खिडक्या बंद, दारं बंद. एका शुक्रवारी तर शाळासुद्धा बंद ठेवली. कस्तुरीही घरूनच काम करायला लागली, आणि तिचा उजवा कान दुखायला लागला. दिवसदिवस हेडफोन लावून त्या नेपाळच्या मुलाखती ऐकायच्या, त्यात कान पिकला. डॉक्टरने औषध दिलं आणि तीन आठवडे कानात काही घालायचं नाही म्हणून बजावलं.

म्हणून मग जेवणाच्या टेबलावर छोटा स्पीकर आला. नेपाळ तोवर सुनेच्या कानात होता, तो आता घरभर झाला.

शाळा बंद होती त्याच शुक्रवारी मालतीबाई टेबलाच्या दुसऱ्या टोकाला गवार मोडत बसल्या होत्या. जाई खाली फरशीवर रंगवत होती. स्पीकरमधून एक म्हातारा बोलत होता. तनहूंच्या डोंगरातल्या एका गावचे निवृत्त हेडमास्तर, अर्याल. कस्तुरी त्यांच्याकडे २०१४ साली दोनदा जाऊन आली होती, एकदा एप्रिलात, एकदा नोव्हेंबरात, आणि दोन्ही वेळा त्यांच्या अंगणात बसून बोलणं रेकॉर्ड करून आणलं होतं. मास्तरांचा आवाज मोठा छान, ठासून बोलणारा. नेपाळी मालतीबाईंना येत नव्हती, पण अधूनमधून ओळखीचा शब्द डोकावायचा: पानी, घर, राजा, जात. मास्तर काय म्हणतात म्हणून त्यांनी विचारलं. कस्तुरीने सांगितलं की राजा गेला आणि शिवाशीवही गेली, आता आमच्या गावात सगळे सारखे, असं म्हणतायत. एप्रिलात हेच म्हणाले, नोव्हेंबरातही हेच, शब्दाला शब्द तोच.

मालतीबाई गवार मोडत राहिल्या. मग हात थांबला.

“ते मागचं परत लाव,” त्या म्हणाल्या.

कस्तुरीला वाटलं मास्तरांचं बोलणं. तिने मागे नेऊन लावलं. मास्तर पुन्हा शिवाशीव गेल्याचं सांगू लागले.

“मास्तर नको गं. त्यांच्या मागचं.”

मागे भांडी वाजत होती. कस्तुरीने सांगितलं, तो नुसता गोंगाट. खरं तर वर्षभर तिने तोही ऐकला नव्हता, कारण सुयशने हौसेने सगळ्या मुलाखती कॉम्प्युटरवर घालून स्वच्छ करून दिल्या होत्या. भांडी, कोंबड्या, पोरांचं रडणं, सगळं काढून टाकलं होतं; मागे उरला होता फक्त मास्तरांचा आवाज, देवळातल्या घंटेसारखा. त्या दिवशी त्या स्वच्छ रेकॉर्डिंगात एक तारीख अर्धी कापलेली निघाली म्हणून कस्तुरीने मूळचं लावलं होतं, एवढंच.

मालतीबाईंनी स्पीकर स्वतःकडे ओढला. डोळे मिटले. तीस वर्षं जशा आतून बाहेरचं ऐकत होत्या, तशा आता बाहेरून आतलं ऐकायला लागल्या.

आधी किल्ल्या वाजल्या. किल्ल्यांचा जुडगा घरातून निघाला, कोणा बाईच्या कमरेला, आणि अंगणात आला. एक लोखंडी झाकण उघडलं. पाण्याची धार सुरू झाली, पिंपात पडत राहिली. थोड्या वेळाने लांबून दुसरी एक बाई काहीतरी म्हणाली, दबून. दगडावर भांडं ठेवल्याचा आवाज आला. मग भांडं ठेवणारी पावलं मागे गेली. आणि मग पाणी ओतल्याचा आवाज.

हा आवाज मालतीबाईंनी तीनदा लावायला सांगितला. पाणी वरून पडत होतं. चांगलं हातभर उंचावरून. आधी रिकाम्या तळाला लागून ठणठणलं, मग भांडं भरत गेलं तसा आवाज बारीक होत वर चढला आणि काठाशी येऊन बरोबर थांबला.

“वरून ओततेय ती,” मालतीबाई म्हणाल्या. “भांड्याला भांडं लागू नये म्हणून.”

तुम्हाला कसं कळलं म्हणून कस्तुरीने विचारलं, आणि इथे मालतीबाई अडल्या. सांगायचं म्हटलं तर सरळ होतं. पण ही सून त्यांना फार मानायची. मित्रमंडळींत सांगायची की आमच्या आई जुन्या, पण मनाने कशा मोकळ्या. तिच्या नजरेतली ती जागा मालतीबाईंना आवडत होती, नाही म्हणून उपयोग नाही. माहेरी कोणीतरी ओततानाचं ऐकलं होतं, असं म्हणून भागलं असतं. पण मग सुनेने विचारलं असतं कोण ओतायचं, कसं ओतायचं. एका खोट्याला दुसरं लावावं लागलं असतं, आणि तिच्या प्रकरणात तेच गेलं असतं. मास्तरांसारखं.

“कारण मी ओतलंय,” त्या म्हणाल्या. “नऊ वर्षांची होते. दुपारी परसातल्या विहिरीवर एक बाई यायची घागर घेऊन. ती दगडावर ठेवायची आणि चार पावलं मागे जाऊन उभी राहायची. मी वरून ओतायची. आईचे हात भरून यायचे, म्हणून ते काम माझं. माझा एक थेंब बाहेर पडत नसे. त्याचं घरात कौतुक होतं माझं.”

जाईने वर बघितलं आणि पुन्हा रंगवायला लागली.

“तेव्हा आपल्याकडेसुद्धा कायदा झालेला होता,” मालतीबाई पुढे म्हणाल्या. “आमचे मास्तर वर्गात शिकवायचे. मीच धडा वाचून दाखवायची, आणि घरी येऊन पाणी ओतायची. दोन्ही एकाच दिवशी.”

कस्तुरीने विचारलं, त्या बाईचं नाव काय होतं?

“विचारलं नाही कधी.”

सुनेच्या चेहऱ्यावर काय येतं ते बघायचं मालतीबाईंनी टाळलं. त्यांनी गवारीचं ताट ओढलं. तेवढ्यात कस्तुरीने स्वतःची वही उघडली, एप्रिल २०१४ च्या पानावर, आणि ती सासूसमोर फिरवून ठेवली. इंग्रजी होतं, तिनेच वाचून दाखवलं. अर्याल मास्तरांचं पूर्ण नाव, वय, शिक्षण, पक्ष. आणि खाली एक ओळ: मागे भांड्यांचा आवाज, बारा मिनिटं.

“मी तर तिथे बसले होते आई,” ती म्हणाली. “दहा पावलांवर. मीही नाही विचारलं.”

त्या दिवशी कस्तुरी दोन पोळ्या जेवली.

दुसऱ्या दिवशी नोव्हेंबरातलं मूळ रेकॉर्डिंग लावलं. आता सुयशही येऊन बसला होता, जरा ओशाळून, कारण हे सगळं त्यानेच पुसून काढलं होतं. मालतीबाईंनी त्याला सांगितलं की तुझे वडीलही असेच, बैठक चालू झाली की आतलं दार लोटून घ्यायचे, आवाज येतो म्हणून. मास्तर तेच बोलत होते, शिवाशीव गेली, सगळे सारखे. मागे किल्ल्या वाजल्या. मालतीबाई ताठ बसल्या.

किल्ल्या ह्या वेळी घरातून आल्या नव्हत्या. बाहेरून, लांबून वाजत येत होत्या. अंगणात आल्या, झाकण उघडलं, धार सुरू झाली. ओतल्याचा आवाज कुठे आलाच नाही. आला तो भांडं बुडवल्याचा. घागर पाण्यात तिरकी घातली की आधी गुडगुडते, मग दम घेते आणि जड होऊन वर येते. ती घागर बाहेरच्या बाईची, आणि पिंप घरातलं. तसाच आवाज दोनदा आला. मग घरातली बाई काहीतरी म्हणाली आणि दोघी हसल्या.

“मास्तर तेच म्हणतायत,” मालतीबाई म्हणाल्या. “पण पहिल्यांदा ते खोटं होतं आणि आता खरं आहे. मधल्या सात महिन्यांत काय झालं ते विचार. आणि मास्तरांना नको विचारूस. किल्ल्या बाहेर कशा गेल्या, ते आतल्या बाईला विचार.”

कस्तुरीने रविवारी फोन लावला. ह्या वर्षीच्या एप्रिलातल्या भूकंपानंतर ती गावाशी बोललेली होती. माणसं सुखरूप होती, मास्तरांच्या गोठ्याची भिंत तेवढी गेली होती. आता आठवड्यापूर्वीच तिकडे नवी राज्यघटना जाहीर झाली होती, म्हणून मास्तरांना वाटलं त्यावर मुलाखत. ते घसा साफ करून तयार झाले. कस्तुरीने त्यांच्या बायकोला फोन द्यायला सांगितल्यावर त्यांनी कशाला म्हणून विचारलं. पाण्याबद्दल विचारायचंय म्हटल्यावर त्यांनी हाक मारली, देवकी.

देवकीबाई बोलायला लागल्या त्या पाऊण तास. कस्तुरी मधूनमधून मराठीत सांगत होती, मालतीबाई टेबलाला रेलून ऐकत होत्या. गावाची टाकी डोंगरावर, पण तिचं पाणी सोडायच्या नळाचं लोखंडी झाकण आणि त्याचं कुलूप मास्तरांच्या अंगणात. त्याची आणि टाकीची किल्ली एकाच जुडग्यात, तीस वर्षं देवकीबाईंच्या कमरेला. गावाची पाणी समिती होती, तिच्यात बायका हव्यात, दलित हवेत, असा राजा गेल्यानंतरचा नियम. तो कागद मास्तरांच्या पेटीत. २०१४ च्या उन्हाळ्यात नवे पाइप टाकायला जिल्ह्याहून साहेब आला आणि अडून बसला: आधी नावं दाखवा. तेव्हा मास्तरांनी सुन्तलीचं नाव घातलं. सुन्तली म्हणजे ती दगडावर घागर ठेवणारी, शिवणकाम करणाऱ्यांच्या वस्तीतली. नुसतं नावाला घातलं होतं. पण सुन्तली दुसऱ्या दिवशी सकाळी दारात हजर. म्हणाली, माझ्याकडे टाकीचं काम आलंय, किल्ली द्या.

तीन दिवस देवकीबाईंनी दिली नाही. चौथ्या दिवशी दिली. पहिला महिना ती पाणी सोडून गेली की देवकीबाई पिंप ओतून टाकत, धुऊन पुन्हा भरत. मग गुडघे दुखायला लागले. म्हणून सोडून दिलं, असं त्या म्हणाल्या, आणि फोनमध्ये स्वतःच हसल्या.

मालतीबाईही हसल्या. जे काम राजाला घालवून झालं नाही ते गुडघ्यांनी केलं, असं त्यांनी सुयशला सांगितलं.

पण कस्तुरी आता शहाणी झाली होती. तिने सुन्तलीलाही बोलवायला सांगितलं. ती संध्याकाळी पाणी सोडायला आली तेव्हा पुन्हा फोन झाला. सुन्तलीचा आवाज जाड आणि सावकाश. तिने सगळं ऐकून घेतलं आणि सांगितलं, गुडघे वगैरे काही नाही. मी तिला म्हटलं, उद्यापासून पिंप भरू लागलं की आधी मी माझी घागर त्यात बुडवणार, मग तू घे. चालत नसेल तर किल्ली घे आणि डोंगरावरची टाकी तूच साफ कर. दिवसभर ती बोलली नाही. दुसऱ्या दिवशी मी घागर बुडवली. ती माझ्याकडे पाठ करून उभी होती.

“गुडघे दुखत होते तिचे,” सुन्तली शेवटी म्हणाली, “पण ते आधीपासूनच दुखत होते.”

कस्तुरीने हे मराठीत सांगितल्यावर मालतीबाईंनी फोन मागितला. कोणत्या भाषेत बोलणार म्हणून कोणी विचारलं नाही. त्यांनी मराठी आणि हिंदी कालवून, हळूहळू, सुन्तलीला सांगितलं की तुझी घागर मी इथे ऐकली. बुडालेली ऐकली. पलीकडे काय कळलं कोण जाणे. सुन्तलीने विचारलं, तुमच्याकडे पाणी येतं का?

“येतं, चोवीस तास,” मालतीबाई म्हणाल्या.

“कोण सोडतं?”

फोन ठेवल्यावर मालतीबाईंनी तेच सुयशला विचारलं. त्याने सांगितलं की थोडं मलेशियातून येतं, थोडं पावसाचं, थोडं समुद्राचं, आणि थोडं वापरलेलंच पुन्हा शुद्ध करून. ह्या शेवटच्यावर मालतीबाईंनी त्याला दोनदा विचारून खात्री करून घेतली. मग दोन दिवस पेल्याकडे बघून पीत होत्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी तोही विचार सोडला. वापरलेलं कोणाचं, कुठल्या जातीचं, कुठल्या देशाचं, काही पत्ता नाही, आणि सगळं शहर गटागटा पितंय. माझ्या आईला इथे पाण्यावाचून राहावं लागलं असतं, असं त्या कस्तुरीला म्हणाल्या. आणि नळाखाली हात धरून थोडा वेळ उभ्या राहिल्या.

कस्तुरीने नऊ दिवसांत प्रकरण नव्याने लिहिलं. त्यात राजा दोनच पानं होता. उरलेलं सगळं अंगण, किल्ली, कागद, पिंप. आणि एकाच सकाळच्या दोन हकिकती, देवकीबाईंची आणि सुन्तलीची, शेजारी शेजारी, कोणती खरी ते न ठरवता. ते ठरवावं की नाही ह्यावर सासू-सुनेचं जरा वाजलंसुद्धा. कस्तुरीचं मत सुन्तलीचीच खरी धरावी. मालतीबाई म्हणाल्या, किल्ली सुन्तलीने घेतली हे खरंच आहे, तिचं श्रेय तिला दे. पण पाठ करून उभी राहिलेलीलाही काहीतरी सोसावं लागतं. ती गुडघ्यांचं नाव सांगते तर सांगू दे. मला कोणी असं कारण दिलं असतं तर मीही घेतलं असतं.

ऑक्टोबरच्या मध्यावर विभागात वाचन झालं. मालतीबाई जाईला घेऊन शेवटच्या रांगेत बसल्या होत्या, इरकली नेसून. इंग्रजीतलं काही कळत नव्हतं. मग कस्तुरीने दोन्ही आवाज लावले, आधी एप्रिलातला, मग नोव्हेंबरातला. पंधरा-वीस शिकलेली माणसं पाणी ऐकत बसली. पहिल्यांदा कोणाला फरकच कळला नाही. कोह बाईंनी पुन्हा लावायला सांगितलं. दुसऱ्यांदा लावल्यावर त्यांनी चष्मा काढला आणि हातातला कॉफीचा कप तसाच धरून राहिल्या. मालतीबाईंनी लांबून ते पाहिलं आणि जाईच्या कानात सांगितलं की तुझ्या आईचं काम झालं.

झालंच. वर्ष वाढवून मिळालं. कोह बाई आपणहून मालतीबाईंपाशी आल्या, दोन्ही हात हातात घेतले आणि काहीतरी म्हणाल्या. जाईने मराठीत सांगितलं, “आजी, ती म्हणते तिची आजीपण पाणी विकत आणायची, कावडीने. आणि थँक यू, ला.” ‘ला’ कोह बाईंचा होता की जाईचा, ते कळायला मार्ग नव्हता.

आता प्रकरणाच्या शेवटी आभार लिहायचे असतात. कस्तुरीने पहिलं नाव देवकीबाईंचं आणि सुन्तलीचं घातलं, मग सासूचं. सासू म्हणाली, माझं नको, माझ्या नावाने पाणी ओतल्याचं येईल. कस्तुरी म्हणाली, तेच यायला हवंय. ह्यावर मालतीबाईंनी दोन दिवस विचार केला आणि एक अट घातली: मग तिचंही नाव हवं, ज्या बाईच्या घागरीत ओतलं तिचं. कस्तुरीने तेवढी जागा कोरी सोडली. कागद महिनाअखेर द्यायचे होते.

मालतीबाईंनी गावी धाकट्या भावाला, चंद्रशेखरला फोन केला. तो म्हणाला, अक्का, साठ वर्षं झाली, कोणाला आठवणार? मला तर ती बाईच आठवत नाही. मालतीबाई म्हणाल्या, तू पाळण्यातून नुकता उतरला होतास, तुला कशी आठवेल? तू त्यांच्या वस्तीत जाऊन विचार. भाऊ जायला लाजत होता. ह्या साठ वर्षांत वस्तीत जाऊन कोणाच्या घरी बसल्याचं त्याला आठवत नव्हतं. मालतीबाईंनी फार ओढून धरलं नाही. फक्त एवढं सांगितलं की माझ्या सुनेने डोंगर चढून परक्या देशात जाऊन विचारलं, तुला ओढा ओलांडायचाय.

आठ दिवसांनी त्याचा फोन आला. गेला होता. त्या बाईची नात आता गावच्याच शाळेत शिक्षिका आहे. नदीपलीकडची नव्हे, गावात दहावीपर्यंत शाळा झाली आहे, तिथे. तिने चहा दिला. नाव कशाला हवंय म्हणून विचारलं, तेव्हा त्याला सगळं सांगावं लागलं, त्याच्या बहिणीने काय केलं होतं ते. तिने सगळं शेवटपर्यंत ऐकलं. मग नाव सांगितलं: तान्हूबाई. आणि म्हणाली, माझ्या आजीने त्या विहिरीची गोष्ट आम्हाला सांगितलेली आहे, तुमच्या घराचीही. विचारायला मात्र पहिल्यांदाच कोणी आलं.

“आणखी काही म्हणाली?” मालतीबाईंनी विचारलं.

“चहा पुन्हा हवा का म्हणाली,” चंद्रशेखर म्हणाला. “मी घेतला, अक्का.”

कस्तुरीने कोऱ्या जागेत नाव भरलं. इंग्रजीत मालतीबाईंना वाचता येईना, म्हणून तिने कागदाच्या कडेला पेन्सिलने मराठीतही लिहिलं. मालतीबाईंनी चष्मा लावून ते एकेक अक्षर वाचलं, एकदा मनात आणि एकदा मोठ्याने. मग आत जाऊन त्यांनी चहाचं आधण ठेवलं, सगळ्यांसाठी.

महिनाअखेरीस धूर हटला, खिडक्या उघडल्या. कस्तुरीचा कान बरा झाला. हेडफोन जाईने कार्टून बघायला नेले, आणि स्पीकर जेवणाच्या टेबलावर राहिला तो राहिलाच. नेपाळातल्या आणखी एकतीस मुलाखती बाकी होत्या, आणि त्यांतल्या प्रत्येकीत मागे कोणीतरी भांडी घासत होतं. मालतीबाई रोज सकाळी भाजी घेऊन टेबलाच्या त्यांच्या टोकाला बसायच्या आणि सुनेला म्हणायच्या, लाव.